मिठावरची पावलं

नेरे, पनवेल
सोमवार, सकाळ

प्रिय रिया,

पाकीट बघून दचकू नकोस, सगळे खुशाल आहोत. आजकाल पत्र आलं की कुणीतरी गेलं, असंच लोकांना वाटतं. फोनवर बोलता आलं असतं, पण आपल्या घरातला फोन म्हणजे गावची चावडी. तुझा बाबा तो स्पीकरवर टाकतो, तुझी आई मधूनच जेवलीस का विचारते, आजी आतून ओरडते आणि मला जे सांगायचं असतं ते घशातच राहतं. शिवाय तू तरी फोनवर सापडतेस कुठे? जर्मनीचा तो जुना पिक्चर शोधून पाठवलास तेव्हापासून ‘कामात आहे, आजोबा’ एवढंच लिहून येतं. आधी रोज संध्याकाळी खिडकीबाहेरचा बर्फ दाखवायचीस, तोही बंद झाला. म्हणून म्हातारा कागद घेऊन बसलाय. आता वाच निवांत.

इकडे थंडी बरी पडली आहे. सकाळी डोंगराखाली धुकं असं उतरतं की अंगणातली आंब्याची झाडंसुद्धा दिसत नाहीत, नुसता कोंबड्यांचा आवाज येतो. मी खुर्ची टाकून बसतो, आजी शेजारी. तिला आता धुकं असलं काय नि नसलं काय, काचबिंदूने तिच्यापुरतं बारमाही धुकं करून ठेवलंय. पण कान मात्र असे तिखट झालेत की फाटकाशी कोण आलं ते ती चपलांवरून सांगते. मी चोरपावलांनी गुळाच्या डब्याकडे निघालो तरी तिला कळतं. लहानपणी खाडीत कालवं काढताना माझ्या डाव्या टाचेत शिंपला घुसला होता, तेव्हापासून ती टाच मी पुरती टेकवत नाही. एक पाऊल भरलेलं, एक अर्धं. ‘तुमची चाल मी हजारांत वळखीन,’ असं तुझी आजी म्हणते आणि गुळाचा डबा उचलून आपल्या मांडीवर घेते.

असल्या सकाळी मला हांबुर्ग आठवतं. तू लहान होतीस तेव्हा तुला वाटायचं, जर्मनी हा देश नाहीच, आजोबांनी रचलेली गोष्ट आहे. तुझा काय दोष? आपल्या घरात ‘जर्मनी’ या शब्दाचा अर्थच थाप. तुझा बाबा, आमचा परेश, शाळेत होता तेव्हापासून कुणी काही फुगवून सांगितलं की म्हणतो, ‘ए, जर्मनी नको मारू.’ कळंबोलीच्या लोखंड बाजारात त्याच्या ट्रकवाल्यांमध्येही तो शब्द रुळलाय म्हणे. मीही हसायचो त्यांच्याबरोबर. पण पोरी, आतून लागायचं. आयुष्यात एकच नवलाची गोष्ट घडावी आणि पोटच्या पोराने तिची म्हण करून टाकावी! परेश तसा वाईट नाही, पण त्याला गोष्ट म्हणजे वजनकाट्यावर चढवायची वस्तू वाटते. डोळे मिटायच्या आत एकदा, फक्त एकदा, त्याने ‘तात्या, खरं होतं’ म्हणावं, एवढंच मला हवं होतं. तू तिकडे जर्मनीत पिक्चर जोडायचं शिक्षण घ्यायला निघालीस तेव्हा विमानतळावर तुझ्या कानात मी हेच पुटपुटलो होतो.

गोष्ट तुला तोंडपाठ आहे. तरी पुन्हा सांगतो, कारण तिच्यातली एक जागा मी नेहमी घाईघाईत उरकली. ऐकणाऱ्यांना पायांची गंमत हवी असायची, ती झाली की लोक उठायचे.

मी विशीतला खलाशी. आमच्या जहाजाचा बॉयलर बिघडला आणि सगळा उन्हाळा ते हांबुर्गच्या गोदीत पडून राहिलं. एके दिवशी गोदीतून मिठाच्या गोण्या कुठेतरी पोचवायला माणसं हवी होती. मीठ म्हटल्यावर मी पुढे झालो. मिठागरात जन्मलेल्या माणसाला परमुलखात मीठ भेटलं म्हणजे माहेरचं कुणी भेटल्यासारखंच. ट्रक जाऊन थांबला तो सिनेमाच्या स्टुडिओसमोर. बाहेर लख्ख ऊन, आणि आत भलाथोरला दरवाजा ढकलला तर हिवाळा! मी उंबऱ्यातच उभा राहिलो. अजूनही कधी कधी झोपेत मी तो दरवाजा ढकलतो.

आत एक गाव होतं. पुढची घरं माणसाएवढी, मागची कमरेएवढी आणि अगदी शेवटची गुडघ्याएवढी, आपण दिवाळीत किल्ल्यावर मांडतो तशी. त्यांच्या खिडक्यांत चिमुकले दिवे, आणि त्यामागे रंगवलेलं आभाळ. वरून जाळी हलवून पिसं आणि कागदाचे कपटे सोडत होते, बाजूने पंखा. जाड ओव्हरकोटातली माणसं घामाने निथळत होती आणि दोन शॉटच्या मध्ये कोट उघडून वारा घेत होती. थंडीत तोंडातून वाफ येते ना, ती उन्हाळ्यात कुठून येणार? म्हणून बोलायच्या आधी सिगारेटचा धूर तोंडात धरायचे आणि वाक्याबरोबर सोडायचे. नायकाला तर ठसकाच लागला. सगळे हसले, पुन्हा धूर, पुन्हा वाक्य.

पिक्चर होता एका शिपायाचा. युद्ध संपून वर्षं लोटल्यावर तो कैदेतून सुटतो आणि भर हिवाळ्यात चालत आपल्या गावी येतो. गावात पडझड दिसायला हवी होती, आणि हांबुर्गमध्ये आता पडझड राहिली नव्हती, लोकांनी उचलून नवी घरं बांधली होती. म्हणून सुतार प्लॅस्टरची पडकी घरं नव्याने उभी करत होते. त्यांतल्या एका म्हाताऱ्याने युद्धानंतर स्वतःच्या घराच्या विटा हाताने उपसल्या होत्या, असं मला कुणीतरी सांगितलं. तो माणूस आता खोट्या भिंतीवर मेणबत्तीची काजळी धरत होता, जळाल्यासारखी दिसावी म्हणून, आणि शीळ घालत होता. मला तेव्हा ते विचित्र वाटलं. आता वाटत नाही. आपलं आगर भरणीखाली गेलं, तिकडून आता विमानं उडतात, आणि मी इथे खुर्चीत बसून मनातल्या मनात मिठाचे ढीग रचत असतो. मीही शीळ घालतोच की.

आमच्या गोण्या गावभर पसरल्या आणि जमिनीवर बर्फ झाला. शिपाई आपल्या फाटकाशी पोचतो तेव्हा फक्त पाय दाखवायचे होते. नायक दुसऱ्या पिक्चरसाठी निघून गेलेला. मग त्याचे बूट ज्याच्या पायात बसतील त्याचा शोध सुरू झाला, आणि एवढ्या सगळ्या गोऱ्या माणसांत ते बसले कुणाच्या, तर पनवेलच्या आगरातल्या आनंदाच्या, म्हणजे माझ्या. मला घोट्यापर्यंतचा कोट चढवला, बूट दिले आणि बोटाने दाखवलं, इथून तिथे चाल. दिवे लागले, कॅमेरा सुरू झाला, आणि मी मिठाच्या काठाशी येऊन थांबलो. वाकलो. बूट काढले. अनवाणी चालत गेलो.

मी मुद्दाम केलं नाही गं. मिठावर पायताण घालून चढायचं नाही, हे आमच्या आईने, गंगाबाईने, अशा धपाट्यांनी शिकवलं होतं की पायांना ते माझ्याआधी आठवायचं. ‘लोकांच्या तोंडात जाणारी वस्तू हाय ती,’ म्हणायची. मीठ सांडलं तर देवाघरी पापण्यांनी वेचावं लागतं, असंही वर. मग स्टुडिओ असो की स्वर्ग. दिग्दर्शक तरातरा आला. मला वाटलं, आता हाकलतो. आमच्या जहाजावरचा गोव्याचा स्वयंपाकी बरोबर होता, त्याच्या तोडक्यामोडक्या जर्मनमधून मी सांगितलं की साहेब, हे मीठ आहे, यावर बूट घालून जायची आमच्यात रीत नाही. दिग्दर्शक आधी हसला. मग बराच वेळ त्या उघड्या पावलांच्या ठशांकडे बघत राहिला आणि म्हणाला, घरी परत आलेला माणूस असंच करील. राहू दे. मग एका बाईने माझ्या पायांना पांढरी पावडर चोळली आणि पुन्हा चालायला लावलं. पाय गोरे करून घेतलेला आपल्या गावातला पहिला माणूस मीच. इथपर्यंत आलो की सगळे हसायचे, परेश ‘जर्मनी!’ म्हणायचा आणि ताटं उचलली जायची.

आता राहिलेली जागा सांगतो. कॅमेऱ्याची घरघर आणि पंख्याचा घोंगाट, म्हणून तो शॉट मुका घेतला होता. चित्र वेगळ्या पट्टीवर, आवाज वेगळ्या पट्टीवर, दोघांची गाठ शेवटी. तुला हे मी काय शिकवू! दोन दिवसांनी एका बारक्या खोलीत मला बोलावलं. तिथे लोरेबाई होती, चष्मा कपाळावर चढवलेली, पायात पुरुषाचे बूट. जगातले सगळे आवाज तिच्या खोलीत पसाऱ्यासारखे पडलेले. निकामी फितीचा ढीग तुडवला की वाळलेलं गवत. छत्री झटक्यात उघडमीट केली की कबुतर उडालं. बूट घालून मिठावर चालली तर ते दगड भरडल्यासारखं वाजत होतं, आणि ते तिला आवडेना. तिने माझ्यापुढे मिठाने भरलेली परात ठेवली, दिवा मंद केला, डोळे मिटले आणि हाताने खूण केली. मी जागच्या जागी चाललो. एक पाऊल भरलेलं, एक अर्धं. थांबलो तर तिने डोळे न उघडताच पुन्हा हात हलवला. बाहेर ऊन होतं, परक्या देशात होतो, आणि त्या अंधारात मला वाटत होतं की संध्याकाळ झालीय, आई पुढे चालतेय आणि आम्ही आगरातून घरी निघालोय. किती वेळ चाललो कुणास ठाऊक. शेवटी लोरेबाईने डोळे पुसले आणि माझा हात दाबला. युद्धाहून आलेला माणूस असाच चालतो, असं काहीसं म्हणाली, स्वयंपाक्याने मला सांगितलं तसं. पिक्चर लागायच्या आत आमचं जहाज सुटलं. मी तो कधीच पाहिला नाही.

कर्नाळ्याच्या जंगलात मी तुला खांद्यावर बसवून न्यायचो ते आठवतं? पक्षी दिसला नाही की तू रडायचीस आणि मी छत्री उघडमीट करायचो. तू पानांत बघत ओरडायचीस, उडाला, उडाला! छत्री माझ्या हातात दिसत असूनही तू पक्ष्यावरच विश्वास ठेवलास. त्याच दिवशी मला कळलं की ही पोरगी या वाटेला जाणार.

असो. आता तू पाठवलेला पिक्चर बघितला त्या रविवारचं ऐक, कारण तुला सगळ्यांनी ‘छान झालं’ एवढंच कळवलंय. मागच्या शेतात मडक्यात वालाच्या शेंगांची पोपटी लावली होती, भांबुर्ड्याच्या पाल्याचा वास घरभर. तुझ्या बाबाने कळंबोलीच्या मित्राचा प्रोजेक्टर आणला, भिंतीवर चादर ताणली आणि दुपारी अंधार करायला खिडक्यांना गोधड्या टांगल्या. तोंडाने ‘बघू या तात्यांची जर्मनी’ चालूच होतं, पण खिळे स्वतः ठोकत होता. शेजारपाजारचे आले. मला पहिल्या खुर्चीत बसवलं, नव्या नवरदेवासारखं, आजी बाजूला. मोतीबिंदू काढल्यापासून मला गरुडासारखं दिसतं, हे तुझ्या लक्षात राहिलं नसावं.

गुडघ्याएवढी घरं दिसली तेव्हाच मला हुंदका आला. चादरीवर ती खरीखुरी लांबची घरं वाटत होती. मग तो शिपाई फाटकाशी आला, कॅमेरा खाली उतरला, आणि अनवाणी पाय बर्फातून चालत गेले. परेशने ‘थांब, मागे घे’ म्हणून तेवढंच पुन्हा लावायला सांगितलं. पुन्हा पाय. मग तो उठला, सगळ्यांदेखत माझ्यापुढे वाकला आणि माझ्या पायांवर डोकं ठेवलं. ‘तात्या, खरं होतं,’ म्हणाला. माझ्या डोळ्यांना धार लागली आणि सगळ्यांना वाटलं, म्हाताऱ्याला आनंद झाला.

रिया, मला उठून पळून जावंसं वाटत होतं. ते पाय माझे नव्हते.

दोन्ही टाचा पुऱ्या टेकत होत्या. अंगठ्याशेजारचं बोट अंगठ्यापेक्षा लांब होतं. ते बोट आजीचं, परेशला वगळून थेट तुझ्याकडे आलेलं. तू जन्मलीस तेव्हा सुईण म्हणाली होती, ही नवऱ्यावर हुकूम चालवणार. मी ते बोट हजार वेळा तेल लावून चोळलंय, मला फसवतेस? आणि वर ते पाय मिठाच्या काठाशी क्षणभर थांबले. तिकडे कोण थांबतं मिठापाशी? तुझ्या आईनेही ओळखलं असावं. ती चहा टाकते म्हणून आत गेली ती बराच वेळ बाहेर आली नाही. बापाला कुठलं कळायला, बाप लोकांनी मुलींचे पाय कधी नीट पाहिलेले असतात?

मग मी चित्र जुळवलं. खऱ्या पिक्चरमध्ये त्या जागी कुणाचे तरी बूटच असणार. आपला दिग्दर्शक ‘राहू दे’ म्हणाला खरा, पण पुढे कुणीतरी ते कापलं. तू शोधत गेलीस, बूट पाहिलेस, आणि तुला मला ते सांगवेना. बाहेर खरा बर्फ पडत असताना तू घरात मीठ पसरलंस, कारण आजोबांचा बर्फ मिठाचा होता. किती पुडे फोडले असशील! त्या मिठावरून चाललीस आणि तुझे पाय माझ्या जागी जोडलेस. आणि मग ‘कामात आहे’. तुला वाटत असणार, आपण म्हाताऱ्याला खोटं दिलं.

खरं सांगतो, त्या दुपारी मलाही तसंच वाटलं. परेशचा नमस्कार मला जळत होता. मी तोंड उघडणार, एवढ्यात आजीने माझा हात घट्ट धरला. ‘बसा गप. तुमीच हाव,’ म्हणाली. मला वाटलं, बिचारीला दिसत नाही, किंवा समजूत घालतेय. दुसऱ्या दिवशी सकाळी धुक्यात बसलो असताना मी तिला सगळं सांगून टाकलं की ते पाय रियाचे होते. ती शांतपणे म्हणाली, ‘पायांचं मला काय म्हाईत? मला कुठं दिसतंय? मी आयकलं. मिठावर चालत होता तुमी. एक पाय भरलेला, एक अरधा.’

मी तुझ्या आईला, मनिषाला, ते पुन्हा लावायला सांगितलं आणि डोळे मिटून बसलो. खरंच सांगतो पोरी, अंगावर काटा आला. भर्र... भुस. भर्र... भुस. लोरेबाईची परात. विशीतला मी, अंधारात, आईच्या मागून घरी चाललेला. चित्र कापणाऱ्यांनी माझे पाय कापले, पण लोरेबाईने आवाज ठेवला होता, कुणाच्या तरी बुटांखाली, साठ वर्षं.

पत्र लिहायला बसलो ते एवढ्याचसाठी. तू चित्र बदललंस आणि आवाजाला हात लावला नाहीस. मला तू डोळ्यांनी शोधत होतीस आणि मी तुझ्या कानाशी चालत होतो. काखेत कळसा नि गावाला वळसा म्हणतात तो हाच. तू खोटं काही पाठवलेलं नाहीस, बाळा. परेशचा नमस्कारही बरोबर जागी पोचला. त्याला पायांचं सांगायचं की नाही ते तू ठरव, मी तोंड उघडणार नाही. मला मात्र आता तो पिक्चर आधीपेक्षा जास्त आवडतो. एकट्याचे पाय असते तर मी बघून सुखाने झोपलो असतो. आता त्यात पाय तुझे आहेत आणि पावलांचा आवाज माझा, आपण दोघं एकाच बर्फातून घरी येतोय. तेव्हा आता तोंड लपवू नकोस. पत्र मिळेल त्या संध्याकाळी फोन कर आणि चेहरा दाखव. आजीला दिसणार नाही, पण ती मघापासून एकच विचारतेय, एवढ्या मिठावर चालली पोरगी, टाचा फुटल्या नाहीत ना? खोबरेल लाव म्हणते, कोमट करून.

तुझाच,
जर्मनीवाला आजोबा